शिवकन्येची साक्ष

शिवकन्या पोखर्णीची. बाप लवकर गेला, आई केवळाबाई मजुरीला जायची, आणि धाकटा भाऊ मल्हार शिवकन्येच्याच कडेवर वाढला. तिचं लग्न होऊन ती सासरी निघाली तेव्हा पोरगं जीपमागं रडत पळत सुटलं. शेवटी तिच्या नवऱ्यानं, रामकिशननं, जीप थांबवून त्याला आत घेतलं. मेव्हण्याला घेऊन आलेला नवरदेव म्हणून झरीत सगळे हसले.

रामकिशनचं शेत झरीच्या शिवारात होतं. शेजारी त्याचा चुलत भाऊ भुजंग. भुजंगची मेंढरं रामकिशनच्या बांधावरून ओढ्यावर पाण्याला जायची. एका वर्षी ती उभ्या हरभऱ्यात शिरली, आणि रामकिशननं काट्या टाकून ती वाट बंद केली. शिवीगाळ झाली, चार माणसं बसली, काही निघालं नाही. मल्हार तोवर मोठा झाला होता. स्वतःच्या लग्नानंतर झरीतच राहून आपली थोडी मेंढरं भुजंगच्या कळपात घालून तो त्याच्याबरोबर हिंडायचा. एक दिवस बहिणीकडे जेवायचा, एक दिवस भुजंगकडे. कुणी छेडलं की म्हणायचा, "मला कामून ओढायलाव तुमच्या भांडणात?"

हरभरा काढणीला आला होता त्या सकाळची गोष्ट. रामकिशन बांधावरच्या काट्या सारख्या करत होता, शिवकन्या जरा लांब हरभरा उपटत होती. ओढ्याकडून पाच जण आले. भुजंग, त्याचे दोन भाऊ, पुतण्या आणि मल्हार. भुजंगच्या खांद्यावर कुऱ्हाड, तिघांकडे काठ्या. मल्हारचे हात रिकामे.

शिवकन्या उठून नवऱ्याकडे पळाली. मल्हार आडवा आला आणि त्यानं तिला दोन्ही हातांनी कवळ्यात धरलं.

"अक्का, जाऊ नको. तुला बी मारतील."

मग कुऱ्हाड वर गेली.

शिवकन्येनं भावाच्या दंडाला रक्त निघेपर्यंत चावा घेतला. त्यानं सोडलं नाही. रामकिशन तिच्याकडं बघून काहीतरी ओरडला, ते तिच्याच किंकाळीत बुडालं. तो काय म्हणाला असेल, हे तिला आजही कळलेलं नाही. मल्हारनं हात सोडले तेव्हा सगळं झालं होतं.

पाचही जण पकडले गेले. डोळ्यांनी पाहिलेलं माणूस एकच, शिवकन्या. साक्षीच्या आधी केवळाबाई झरीला आली, लेकीच्या दारात बसली.

"एवढं नाव गाळ, बाई. तो तिथं नव्हताच म्हण. तुझा नवरा गेला, माझं लेकरू तरी ठिव."

"आये, त्याचं नाव गाळलं तर माझं समदंच खोटं ठरंल आन भुजंग सुटंल," शिवकन्या म्हणाली. "मी खरं सांगते. त्यानं हात उगारला न्हाई, मला वाचवायला धरलं, हे बी सांगते. खऱ्यानंच सुटंल तो."

तिला तसं मनापासून वाटत होतं. नवऱ्यासाठी जीव तुटायचा आणि भावावर संताप यायचा, पण त्याला फाशी किंवा जन्मठेप व्हावी असं तिच्या मनात कधी आलं नव्हतं.

परभणीच्या कोर्टात मल्हारच्या वकिलानं हळू आवाजात विचारलं, "मल्हारच्या हातात काही होतं?"

"न्हाई."

"त्यानं रामकिशनला मारलं?"

"न्हाई, साहेब. बोट बी लावलं न्हाई."

वकिलाचं म्हणणं होतं की मल्हारला नुसतं समजूत घालायला चाललोय असं सांगून नेलं होतं, पुढं काय होणार याची त्याला कल्पनाच नव्हती. वकील खाली बसायला वळला. शिवकन्येला वाटलं, अजून चांगलं सांगायचं राहिलंच. ती आपण होऊन बोलली, "माझ्यावर लय जीव हाय त्याचा. मी पळाले तर धरून म्हणला, अक्का, जाऊ नको, तुला बी मारतील."

वकील तसाच उभा राहिला. मग सरकारी वकील उठले. त्यांनी एकच प्रश्न विचारला.

"हे तो कधी म्हणाला, बाई? पहिला घाव बसल्यावर, की त्याच्या आधी?"

शिवकन्येनं नीट आठवलं.

"आधी," ती म्हणाली.

पिंजऱ्यात मल्हारनं मान खाली घातली.

निकालाच्या दिवशी पाचांनाही जन्मठेप झाली. सरकारी वकिलांनी तिला बाहेर बाकावर बसवून समजावलं. पाच जण मिळून एका हेतूनं जातात आणि त्यातला एक जण खून करतो, तेव्हा कायदा तो खून पाचांचा धरतो. कुऱ्हाड कुणाच्या हातात होती याला महत्त्व राहत नाही. मारणार आहेत हे मल्हारला ठाऊक होतं का, एवढाच प्रश्न होता. 'तुला बी' म्हणजे रामकिशनला तर मारणारच. आणि हे तो घाव बसायच्या आधी बोलला होता. वर, मदतीला धावणारं एकुलतं एक माणूस त्यानं अडवलं.

"म्हंजी मीच," एवढंच शिवकन्या म्हणाली.

केवळाबाई तिच्याशी पुन्हा बोलली नाही. मागच्या उन्हाळ्यात ती गेली. शिवकन्या मातीला गेली तेव्हा मल्हारच्या बायकोनं, दीपिकानं, तिला बाजूला घेतलं. "अक्का, त्यांला आईचं तुमीच सांगा. माझ्या तोंडून निघंना."

दोघी तुरुंगात भेटीला गेल्या, पण दीपिका बाहेरच थांबली. काचेपलीकडं मल्हार, केस पांढरे व्हायला लागलेले. आईचं ऐकून तो फोन कानाला धरूनच रडला. शिवकन्येनं रडू दिलं. मग इतकी वर्षं आत राहिलेलं तिनं विचारलं.

"आदी म्हाईत होतं, तर मला येऊन सांगितलं कामून न्हाईस? दाजीला कुठं बी धाडलं असतं मी."

"वाटंत कळलं, अक्का. कुऱ्हाड बघितल्यावर."

"मग तितूनच वरडायचं होतंस."



"भ्या वाटलं," तो म्हणाला. "तुला धरलं ते बी... तुझ्यासाठीच धरलं का माझं मलाच कुणाला तरी धरायचं होतं, ते मला बी सांगता येईना."

वेळ संपली. शिपायानं त्याला उठवलं.

बाहेर नळावर शिवकन्येनं तोंड धुतलं, पदरानं पुसलं. दीपिका वाट बघत उभी होती.

"काय म्हनले?"

"आईचं ऐकून लय रडला," शिवकन्या म्हणाली, आणि दोघी बसस्टँडकडं चालू लागल्या.