राखेच्या तळ्यावरचा वळसा

तिला सगळे फवारेबाई म्हणायचे. चारचौघांत नवरासुद्धा तेच म्हणायचा. वीज केंद्रामागं राखेचं मोठं तळं होतं आणि ती राख ओली ठेवणं हे तिचं काम. केंद्रात कोळसा जळायचा, त्याची राख पाण्यात कालवून जाड नळातून इथं सोडायचे. पाणी निथळलं की राख खाली बसायची. ओली असेपर्यंत ती अगदी गरीब गाय. एकदा वाळली आणि वारा सुटला, की मग कुणाच्या बापाला ऐकायची नाही. म्हणून फवारेबाई आणि तिच्यासोबतच्या बायका रबरी नळ खांद्यावर टाकून दिवसभर तळ्यावर फिरायच्या.

त्या तळ्याच्या तळाशी तिचं माहेर होतं.

डोंगरांच्या मध्ये खोलगट जागेत ते गाव वसलेलं. केंद्राला राख टाकायला ती आयती वाटीच मिळाली. घरं उठली तेव्हा तिचे वडील म्हणाले होते, "एवढा खळगा भरायला सात पिढ्या जातील." प्रत्यक्षात त्यांच्या लेकीचे केस पिकायच्या आत तो काठोकाठ भरला. जाताना लोकांनी दारं-खिडक्या काढून नेल्या, झाडं तोडून लाकूड नेलं. वडिलांनी परसातली चिंच तेवढी कुणाला तोडू दिली नाही. त्या चिंचेखाली धाकटीला पुरलं होतं. फवारेबाईची ही बहीण तापानं गेली, तेव्हा तिला धड 'ताई'सुद्धा म्हणता येत नव्हतं.

"माझ्या लेकीवरची सावली आहे ती," वडील म्हणाले. "राहू दे."

मग राख चढत गेली. आधी खोड गेलं, मग फांद्या, शेवटी शेंडा. तोवर फवारेबाई लग्न होऊन लांब गेली होती. नवऱ्याला कोळशाच्या ट्रकवर काम मिळालं म्हणून दोघं परत आली, तेव्हा सगळं सपाट झालेलं. समोरची खिंड आणि केंद्राची चिमणी यांच्या अंदाजानं तिनं मनाशी एक जागा ठरवली. त्या जागेवर तिनं कधी पाय दिला नाही. नळ ओढत तिथवर आली की वळसा घालायची.

"फवारेबाईचा घाट आला गं, वळा!" बायका हसायच्या. तीही हसायची. पण तेवढ्या टप्प्यात मागं वळून बघायची नाही.

एके वर्षी केंद्र बंद झालं. चिमणीचा धूर थांबला.

"चला, सुटलो," नवरा म्हणाला. कोळसा वाहून वाहून त्याच्या छातीचा भाता झाला होता. "आता आभाळ धुतल्यासारखं दिसेल बघ."

हिवाळाभर दिसलंही. पण धूर थांबला म्हणून साठलेली राख थोडीच कुठं जाते? फवाऱ्यांची वीज तोडली होती, पंपघराला कुलूप लागलं होतं आणि बायकांना घरी बसवलं होतं. उन्हाळा आला तशी राख वाळली. मग वारा सुटला.

भर दुपारी गाड्या दिवे लावून चालू लागल्या. झाकलेल्या भांड्यांतही राख, वाळत घातलेल्या कपड्यांत राख. उशीवरून डोकं उचललं की तेवढाच भाग पांढरा दिसायचा. नवऱ्याला आडवं होता येईना, भिंतीला टेकून बसल्या बसल्याच डोळा लागायचा त्याचा. फवारेबाई खिडकी पुसायची, फडकं बादलीत पिळायची आणि ते करडं पाणी ओतायला तिचा हात धजायचा नाही. मोरीत बादल्या साठत गेल्या.

"अगं, ओत की. त्यात काय बघतेस?"

"माहेर आलंय घरी," ती म्हणाली.

नवरा थट्टा करणार होता, पण खोकल्यानं त्याला बोलू दिलं नाही.

वारा पडला त्या दिवशी ती तोंडाला पदर बांधून तळ्यावर गेली. वाऱ्यानं राखेला जागोजागी खड्डे पाडले होते. एका खड्ड्यातून काहीतरी काळं वर आलं होतं. आधी तिला तो तुटका नळ वाटला. जवळ जाऊन हात लावला तर लाकूड, फांदीचा शेंडा. त्या खळग्यात उभं सोडलेलं झाड एकच होतं.

आणि ती वळसा घालायची ती जागा ही नव्हती. ती पार पलीकडे राहिली होती. इथं तर त्या सगळ्याजणी दुपारी डबे उघडून बसायच्या. पाय पसरून गप्पा मारायच्या, चुळा भरायच्या. आता तिथं तिला बसवेना.

घरी येऊन ती नवऱ्याला म्हणाली, "मी तिच्यावर बसून जेवले हो. इतकी वर्षं."

तो बराच वेळ श्वास गोळा करत राहिला. मग म्हणाला, "लहान होती गं ती. ताई रोज जवळ येऊन बसते, बरंच वाटलं असेल तिला."

तिची समजूत पटली नाही. त्या दिवसापासून ती घरातही वळसा घालून चालू लागली. खोलीच्या मधून जायची नाही, भिंतीकडेनं जायची. कुणी विचारलं तर म्हणायची, "खाली काय आहे, सांगता येतं का?"

वस्तीनं अर्ज केले, कचेरीच्या पायऱ्या झिजवल्या. अखेर राखेवर माती पसरायचा हुकूम निघाला. तो बघायला नवरा उरला नव्हता. मातीचे ट्रक आले, सपाटी करणारं यंत्र आलं. यंत्र चालवणाऱ्याला ती फांदी आडवी येत होती. "मोडून टाकतो," तो म्हणाला.

"थांब बाबा, तेवढं माझं मला करू दे."

तिनं घमेलंभर माती डोक्यावर घेतली आणि फांदीच्या बुडाशी हलक्या हातानं ओतली. दुसरं घमेलं आणायला वळली, तर मागं तिच्या त्या हसणाऱ्या मैत्रिणी घमेली घेऊन उभ्या. शेंडा दिसेनासा होईपर्यंत त्या माती टाकत राहिल्या.

पुढच्या पावसाळ्यानंतर तिथं गवत आलं, चांगलं गुडघाभर. कामावर कुणी ठेवलं नव्हतं, तरी फवारेबाई काठी घेऊन कडेला बसायची आणि शेळ्या हाकलायची. एकदा एक परका शेळीवाला वैतागला. "एवढं हिरवंगार कुरण वाया घालवताय, मावशी. शेळ्यांनी काय घोडं मारलंय तुमचं?"

"शेळ्यांनी काही नाही रे. पण या गवताची मुळं कुठवर गेलीत, मला ठाऊक नाही."

त्यानं तिच्याकडं पाहिलं, गवताकडं पाहिलं, आणि शेळ्या वळवल्या. ती तशीच बसून राहिली. वारा सुटला की गवत हलायचं, आणि ती पदर तोंडाला लावायची.