ब्लीचची बादली आणि मागचा ओढा

बॉथेल गावातल्या आमच्या टाउनहाउसमागे ओढा आहे हे मला दोन वर्षं माहीत होतं, पण तो मी नीट पाहिला आईमुळे. २००५ च्या उन्हाळ्यात ती साताऱ्याहून सहा महिन्यांसाठी आली. बायको आणि मी सकाळी ऑफिसला निघालो की घरात ती एकटीच. आठवड्याभरात तिने शेजारच्या बाईंशी मैत्री केली. बाई सत्तरीच्या, शाळेत जीवशास्त्र शिकवून रिटायर झालेल्या. त्या इंग्रजीत बोलायच्या, आई मराठीत, आणि दोघींचं छान जमायचं.

रोज सकाळी त्या ओढ्यावर जायच्या. शाळेमागच्या पाणथळीत उगम पावून, हमरस्त्याखालच्या पाइपातून बाहेर पडून, ब्लॅकबेरीच्या जाळ्यांमधून तो आमच्यामागे यायचा. पुढे नदी, नदीतून तळं, तळ्यातून समुद्र. ऑक्टोबरात याच वाटेने सॅल्मन मासे उलटे चढून यायचे.

"इथंच जन्मलेले असतात रे," आई मला जेवताना सांगायची. "समुद्रातनं परत इथंच येतात अंडी घालायला. बाळंतपणाला माहेरी आल्यासारखं. शेपटीनं खडी उकरतात, त्यात अंडी घालतात नि मग मरतात."

त्या ऑक्टोबरात मागच्या लाकडी डेकवर शेवाळ धरलं आणि आई दोनदा घसरता घसरता वाचली. म्हणून एका रविवारी मी ब्लीच आणलं, बादलीत कालवलं आणि सगळा डेक घासून काढला. अर्धी बादली उरली ती रस्त्याकडेच्या गटाराच्या जाळीत ओतली. त्या जाळीशेजारी माशाचं चित्र रंगवलेलं होतं. मी रोज त्यावरून गाडी काढायचो, पण ते तिथे का आहे असा विचार कधी केला नव्हता.

"हे पाणी जातं कुठं रे?" आईने दारातून विचारलं.

"गटारात," मी म्हणालो.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी बूट घालत होतो. आई ओढ्यावरून परत आली आणि माझा हात धरून मला तिकडे घेऊन गेली. पावसाने अजून जोर धरला नव्हता, त्यामुळे पाणी थोडंच होतं. बोटाएवढी पिल्लं पांढरी पोटं वर करून कडेला लागली होती. एक मोठी मादी खडीवर आडवी पडली होती, पोट अजून अंड्यांनी भरलेलं. बाई गमबूट घालून पाण्यात उभ्या होत्या आणि एकेक मासा उचलून काठावरच्या कागदावर ठेवत होत्या.

"काल तुम्ही ड्रेनमध्ये काही ओतलंत का?" त्यांनी मला विचारलं. "ते पाणी थेट ओढ्यात येतं. सगळ्यांनाच विचारतेय."

"नो," मी म्हणालो.

आई शेजारीच होती. एवढं इंग्रजी तिला कळत होतं. आमचा ग्रीन कार्डचा अर्ज चालू होता. दंड होईल, कागदपत्रांत नोंद लागेल, असं मी स्वतःला सांगत राहिलो. खरं तर त्या बाईंसमोर मला लाज वाटली होती, बाकी काही नाही.

रात्री भात कालवता कालवता आई म्हणाली, "मला भाषा येत नाही ते बरंय. नाहीतर काय सांगितलं असतं मी त्यांना?"

ती पुन्हा ओढ्यावर गेली नाही. बाई दोनदा दार वाजवून विचारून गेल्या, तुमची आई आजारी आहे का. दोन्ही वेळेला मीच बोललो. थंडी सोसत नाही तिला, म्हणालो. आई स्वयंपाकघरात ओट्याशी पाठमोरी उभी होती. मासे मी नकळत मारले होते, पण हे मात्र मी समजून उमजून करत होतो. डिसेंबरात आई परत गेली, तेव्हा बाई निरोपाला फाटकापर्यंत आल्या. आईने मान वर केली नाही.

मार्चमध्ये मी बाईंकडे गेलो आणि सगळं सांगितलं. त्यांनी आधी विचारलं, किती ब्लीच, किती वाजता. ते कागदावर लिहून घेतलं.

"तुमच्या आईला ठाऊक होतं?"

"हो."

"मला वाटलं, माझंच काहीतरी चुकलं," त्या म्हणाल्या.

मी माफी मागितली. त्यांनी 'असू दे' म्हटलं नाही. उठल्या आणि दार उघडून उभ्या राहिल्या. नंतर रस्त्यात भेटल्या की मान हलवायच्या, एवढंच. ओढ्यावर मी एकटा जायला लागलो, त्या घरी परतल्या की मग.

त्या साली घातलेल्या अंड्यांतले मासे तीन वर्षांनी परतायचे होते. २००८ च्या ऑक्टोबरात मी रोज जात होतो. पाणी भरपूर होतं, खडी स्वच्छ होती. महिनाभरात मला तीनच मासे दिसले.

आईचा फोन आला तेव्हा तिने तब्येतीचं विचारलं, हवेचं विचारलं आणि मग म्हणाली, "मासे आले का रे?"

"तीन आले," मी म्हणालो.

मग तिने सुनेला फोन द्यायला सांगितलं.