खिडकीच्या मापाची सुतळी

देवाने टेप वापरली असती तर आपण सगळे तिरके जन्मलो असतो, असं छातीठोकपणे सांगणारा माणूस पृथ्वीच्या पाठीवर एकच, आणि तो म्हणजे आमचा युक्रेनियन सुतार. पोलंडात सफरचंदं तोडून, पोर्तुगालमध्ये फरश्या बसवून साठी ओलांडल्यावर तो अमेरिकेतल्या श्रूजबरीत आमचं किचन करायला आला, तेव्हा त्याच्या पेटीत टेपच नव्हती. सुतळीची भेंडोळी होती, गाठी मारलेली. "इंच अमेरिकेचा, सेंटिमीटर पोलंडचा," तो म्हणे, "गाठ माझी!" मी वीस वर्षं कॉम्प्युटरवर काढलेला शहाणा. लेझरचं यंत्र घेऊन त्याची परीक्षा घ्यायला गेलो, तर तब्बल दोन इंचांचा फरक! त्याने शांतपणे माझ्या हातातलं यंत्र सुलटं करून दिलं. त्या दिवसापासून मी 'प्रोफेसर' झालो.

उंबरठ्याच्या अलीकडून पलीकडे तो हात मिळवत नाही. आधी आपल्याला आत ओढतो, मग हात दाबतो. आमच्या आल्याच्या चहाला त्याने "मॅडम, सूप फार छान" म्हटलं, आणि पुढच्या खेपेला त्यात मोरंबा ढवळला. बायको हसत म्हणाली, "हा माणूस आपल्याकडचाच आहे यार, फक्त पत्ता चुकलाय."

किचन संपलं तरी तो रविवारी येत राहिला. गॅरेजच्या कोपऱ्यात तो एक खिडकी करत होता, गावाकडच्या घरासाठी. युद्धात शेजारी बॉम्ब पडला तेव्हा जुनी खिडकी चौकटीसकट उडाली. आपल्या बायकोला पोलंडला धाडून स्वतः इकडे निघताना त्याने त्या भगदाडाचं माप सुतळीवर घेतलं आणि वर फळ्या ठोकल्या. पहिल्या गाठीपर्यंत उंची, दुसरीपर्यंत रुंदी. "तिथे सुतार मिळत नाहीत का?" मी विचारलं. तिथे आई विकत मिळते का, असं विचारल्यासारखं त्याने माझ्याकडे पाहिलं.

मग पाडवा आला. गुढीला साडी बांधायला घरात काही सापडेना, म्हणून मी गॅरेजमधल्या खिळ्यावरची सुतळी काढली. गाठी मध्ये येत होत्या. दहा मिनिटं नखांनी झटून त्या सोडवल्या, आणि संध्याकाळी गुढी उतरवल्यावर सुतळी पुन्हा जागेवर टांगून स्वतःवरच खूश झालो.

रविवारी उभ्या पट्ट्या जोडून झाल्यावर त्याने रुंदीसाठी सुतळी घेतली. बोटांमधून एकदा सरकवली. पुन्हा सरकवली. माझी मुलगी दारातून ओरडली, "बाबा! यू यूज्ड काकाज स्ट्रिंग?"

मी कबूल केलं. तिकडच्या कुणा शेजाऱ्याला फोन करून माप मागवू, असंही सुचवलं.

"गल्लीत आता कुणी नाही," तो म्हणाला. बराच वेळ सुतळी बोटाला गुंडाळत, सोडत राहिला. मग माझ्या पाठीवर थाप मारून म्हणाला, "बरं झालं, प्रोफेसर. आता मोजायला मलाच जावं लागेल."

हिवाळा आला, तरी अजून जाणं झालेलं नाही. तो रविवारी येतो, आधी मला उंबरठ्याआत ओढतो, सूप पितो, उभ्या पट्ट्यांना पुन्हा एकदा पॉलिश करतो. आडव्या त्याने मुद्दाम लांब ठेवल्यात; कापायच्या त्या तिथेच, म्हणतो. त्या लांब पट्ट्यांनी गॅरेज अडलंय, म्हणून आमची गाडी बाहेर बर्फात उभी असते, आणि त्याबद्दल आमच्या घरात कुणी, अगदी बायकोसुद्धा, चकार शब्द काढत नाही.