ओळखपरेडीतले काका

हे मी बायकोलाही सांगितलेलं नाही: ओळखपरेडीत मी आधी हात ठेवला तो भलत्याच खांद्यावर. ज्यांचा तो खांदा, त्या काकांइतका निष्पापपणे गुन्हेगार दिसणारा माणूस अख्ख्या नंदुरबार जिल्ह्यात झाला नाही.

आरोपीच्या शेजारी त्याच्यासारखी दिसणारी माणसं उभी करायची असली, की काकांना बोलावणं जायचं. आरोपी उंच असो की बुटका, काका चालायचे. साक्षीदारही हटकून त्यांनाच ओळखायचे. "मन्हा थोबाडमा कोनबी बशी जास," ते अभिमानानं सांगत. पुढे, निर्दोष माणसं तुरुंगात गेल्याच्या संशयावर माहितीपट काढणारी मुंबईची मंडळी येऊ लागली आणि काकांचं नशीबच उघडलं. एकाच माहितीपटात ते मुलाखत देतात, आरोपी होऊन बेड्यांत चालतात आणि माणूस कमी पडलाच, तर मयतही होतात.

आता घरीसुद्धा ते खिडकीचा उजेड एका गालावर घेऊन, उदास बसतात. भाचीच्या पाठवणीला पोटभर रडून झाल्यावर त्यांनी विचारलं, "आखो एकदाव रडू का?" आमच्याकडून निघाले की रस्त्याच्या टोकापर्यंत पाठमोरे, संथ चालत जातात, प्रत्येक माहितीपट तसाच संपतो ना! चपला आमच्या दारात राहिल्या तरी वळायचे नाहीत. त्या मी दुसऱ्या दिवशी पोचवतो.

अक्कलकुव्यात माझ्या दुकानासमोर खून झाला, तेव्हा पळणारा माणूस मी असाच, पाठमोरा पाहिला होता. परेडीत मात्र चेहरे दाखवले. मी काकांच्या खांद्यावर हात ठेवला. आमची ओळख तिथलीच. परेड घेणारे साहेब म्हणाले, "नीट बघा." माझा हात शेजारी सरकला. तिथे काठी गावाकडचा एक मजूर उभा होता. त्याला जन्मठेप झाली.

काकांनी कॅमेऱ्यापुढे जगातलं सगळं सांगितलं, माझा हात सरकला एवढंच कधी सांगितलं नाही. परवा आमच्या घरी मी कारण विचारलं. त्यांनी पहिल्यांदाच खिडकी सोडून माझ्याकडे सरळ पाहिलं.

"भाऊ, ती गोष्ट तुन्ही शे. मी सांगसू तं लोके म्हनतीन, म्हातारा ॲक्टिंग करी ऱ्हायना."

मग ते निघाले, अनवाणी. दारातून बघत राहिलो. त्या पाठीवरून ते कुणीही असू शकले असते.

मजूर अजून आत आहे. पळणाऱ्याचा चेहरा मी पाहिलाच नव्हता, हे कोर्टात उभं राहून सांगायचं देणं मी या मजुराला लागतो.