एका पेठेएवढं शहर

"एका पेठेएवढं ते शहर. त्याला दोन-दोन नावं? तुम्हा लोकांना नामांतराची भारी खाज गं!"

आमचा टीम लीड म्हणाला. भर मीटिंगमध्ये, हसत हसत, मराठीत. टेबलाभोवती मराठी कळणारे आम्ही दोघंच. बाकीच्यांना वाटलं, गावाकडच्या गप्पा चालल्यात. आमची अमेरिकन मॅनेजरही हसली.

सांता क्लारातली नकाशे करणारी कंपनी. नकाशावर गावांची नावं बसवायचं काम माझं. लीड पुण्याचा. पहिल्याच आठवड्यात त्यानं विचारलं होतं, "आडनाव कळलं. गाव कुठलं? आणि गावात कुठे?" मी सांगितलं. त्याला हवं ते कळलं. त्या दिवसापासून 'अहो'चं 'अगं' झालं. त्याच्या घरच्या गणपतीला सगळ्या टीमला आमंत्रण होतं. मला नव्हतं. मी गिळलं. व्हिसा कंपनीच्या हातात, पदरात दोन पोरं.

ठिणगी पडली ती एका कुर्दी शहरावरून. डोंगराच्या पायथ्याचं छोटंसं शहर. टीममधली रोजीन तिथली. तिथल्या सरकारनं शहराचं नाव बदललं आणि नकाशावर तेच चढलं. माणसं मात्र अजून जुनं, कुर्दी नावच घेतात. लोकांच्या तोंडी असलेलं नाव खाली दुसऱ्या ओळीत द्यायचं, हा आमच्याच कंपनीचा नियम. मी दिलं. रोजीननं फोटो काढून आईला पाठवला. आई रडली म्हणे.

लीडनं ते नाव पुसलं. मीटिंगमध्ये म्हणाला, लोकसंख्या बघा, एवढ्याशा वस्तीसाठी कशाला दुसरी ओळ?

"आम्हाला मोजतात," रोजीन हळूच म्हणाली. "आमच्या नावानं हाक मारत नाहीत."

मी म्हणाले, नियमात लोकसंख्येची अट नाही. तेव्हा तो माझ्याकडे वळला आणि मराठीत ते बोलला.

नामांतर. खाज.

विद्यापीठाचं नाव बदला म्हटलं, म्हणून मराठवाड्यात आमची घरं जाळली होती. माझ्या आईचंही. आई तेव्हा शाळकरी पोर. दप्तर आत राहिलं. पुन्हा ती शाळेत गेली नाही. तिच्या पायावर भाजल्याचा डाग आहे, मी लहानपणापासून बघत आलेय. त्याला हा खाज म्हणतो. हसत.

मी उभी राहिले. इंग्रजीत म्हणाले, "आत्ता लीड जे बोलले, ते सगळ्यांना कळायला हवं. मी भाषांतर करते." शब्दन् शब्द केलं. 'तुम्हा लोकांना' म्हणजे कोणाला, तेही सांगितलं. आईचं घर सांगितलं. 'खाज'ला इंग्रजी शब्द नेमका शोधला, जराही मऊ केला नाही.

मॅनेजरचं हसू उतरलं. लीडचा चेहरा पांढराफटक.

"इट वॉज जस्ट अ जोक, यार."

यार! इतक्या दिवसांत पहिल्यांदा. मराठीत बोललं की कोणी बघत नाही, असं धरून चालला होता तो. मला बरं वाटलं. फार बरं वाटलं. खोटं कशाला बोलू?

दुपारी मी कंपनीकडे लेखी कम्प्लेंट दिली. संध्याकाळी महाराष्ट्र मंडळातल्या एका काकांचा फोन आला. "अगं, मिटव. परदेशात आपल्याच माणसाची कम्प्लेंट करतात का? तुझ्या व्हिसाचं काय होईल, विचार कर."

"काका, गणपतीला कुठे होता हा आपला माणूस?"

काकांनी फोन ठेवला.

कम्प्लेंट मी मागे घेतलेली नाही. रोजीन साक्षीला उभी राहणार आहे. लीडचा माफीचा मेसेज आला. त्यात 'ताई' आहे, 'अहो' आहे. मला त्याची माफी नकोच. त्याची खुर्ची रिकामी झालेली बघायचीय. माझी नोकरी जायची असेल तर जाईल, पण जाताना त्याला सोबत घेऊन जाईन.

आणि त्या शहराचं कुर्दी नाव मी पुन्हा बसवलंय. आता पुसून दाखव म्हणावं.