वीस रांगांची पंगत

“आधी वर्गमूळ काढा, मंग तोंड उघडा,” म्हणत ते बोटानं हवेत मुळाची खूण काढायचे.

घुग्घुसच्या खाणीवर ते वजनकाट्यावरचे बाबू. ट्रकमधला कोळसा तोलायचे, पण वस्तीत रुबाब प्रोफेसरचा. कुणी अंगणात फरशी बसवो की कोंबड्यांचा खुराडा बांधो, हे हजर. “जागा किती? मंग एक बाजू किती?” उत्तर आलं नाही की, “शिकले नाई, म्हणून कोळसा उपसून राह्यले!” असा माणूस तुम्हीही पाहिला असेल. स्वतः त्यानं जन्मात एक फरशी बसवलेली नसते.

मी सोलापूरकडचा, सातवीतून शाळा सोडलेला. झोपायचो त्यांच्याच ओसरीवर. कँटिनचं कामही त्यांनीच लावून दिलेलं. त्यामुळे “काय सोलापूर, एकशे एकोणसत्तरचं?” असं विचारलं की मनात शिव्या आणि तोंडावर हसू.

त्यांच्या मुलीचं लग्न ठरलं. पाहुणे वरोऱ्याकडचे, मानपानाला कडक. जेवणाच्या पटांगणात बाबूंनी स्वतः चुन्याच्या रेघा मारल्या.

“चारशे माणूस. वर्गमूळ वीस. वीस रांगा, रांगेत वीस. एका पंगतीत सारे मोकळे!”

“बाबू, पण...”

“वाढाचं काम तुझं, हिशेबाचं माझं.”

बुद्धवंदना झाली, लग्न लागलं, माणसं गुडघ्याला पाठ लावून चौकटीचौकटीत बसली. मान म्हणून नवऱ्याकडच्या म्हाताऱ्यांना अगदी मधोमध बसवलं. मी वरणाची बादली घेऊन कडेला उभा राहिलो, तो उभाच. आत पाय ठेवायला जागा नव्हती. कडेचे जेवत होते, मधले कोऱ्या पत्रावळीकडे बघत होते.

“आमाले निस्तं पाहाले बसवलं का?” म्हणत नवऱ्याचा मोठा काका उठू लागला. पाहुणे उपाशी उठले तर पोरीला सासरी जन्मभर ऐकावं लागणार, हे माझ्यासारख्या अडाण्यालाही कळत होतं. बाबू मात्र कडेनं रांगा मोजत होते.

“बसा ना! काऊन उठता? बरोबर वीसच आहेत!”

तेवढ्यात पांढऱ्या लुगड्याचा पदर खोचून नवरीच आली. “काकाजी, बसा तुमी. ए, दर तिसरी रांग उठा! आपल्या घरचे आहात, मागून जेवा. बाबा, सरका तिकडं.”

रांगा उठल्या, वाटा झाल्या. काकानं आधी डोळे वटारले, मग खदखदून हसला. “वा, सूनबाई! वाढ मंग.” मी बादली घेऊन तिच्यामागं धावलो.

सगळे जेवल्यावर बाबू माझ्या कानाशी लागले. “वाटेची जागा धरली असती ना, तर वर्गमूळ पूर्ण आलं नसतं.” लेकीचं सासर पहिल्याच दिवशी तुटता तुटता वाचलं, आणि या माणसाला अपूर्णांकाची चिंता!

निघताना काका बसच्या खिडकीतून ओरडला, “बाबू, पोरगी लय हुशार देली तुमी आमाले!” बाबूंनी ऐटीत मान डोलावली. तीही शाबासकी आपल्याच गणिताला. आत लेक डोळे पुसत होती आणि बापाकडे बघून हसतही होती.

बस कोळशाच्या धुळीत दिसेनाशी झाली. त्यांची मान डोलायची थांबली, तरी ते रस्त्याच्या मधून हलेनात. मागं ट्रकवाला हॉर्न वाजवून वाजवून थकला. शेवटी मीच हाताला धरून त्यांना कडेला घेतलं.