विहिरीचा पहिला घोट

भास्करदादा गेल्याचा फोन आला तेव्हा मी बोईसरला कंपनीच्या बसची वाट बघत उभा होतो. वहिनी एवढंच म्हणाल्या, "हे गेले रे... तू ये." बस आली, समोरून निघून गेली आणि मी तसाच उभा राहिलो.

दादा माझे मावसभाऊ, वयाने बरेच मोठे. केळव्याला त्यांची नारळ-सुपारीची वाडी. शिक्षण सातवीपर्यंत, पण वाचन दांडगं. विहीर खोल करताना आतून समुद्रातल्या कालवांची टरफलं निघाली आणि तेव्हापासून त्यांना एकच वेड लागलं... हजारो वर्षांपूर्वी समुद्र वर चढला तेव्हा माणसांनी काय केलं असेल? बर्फ वितळला, किनारे बुडाले, माणसं आत सरकली, पोटाला कमी पडलं तेव्हा कुणीतरी दाणे पेरून पाहिले, असं त्यांचं म्हणणं. "शहाणपणानं नाय रे, नाइलाजानं माणूस शेतकरी झाला." मी चिडवायचो, "म्हणजे समुद्र चढला नसता तर आपण अजून कालवंच फोडत बसलो असतो?" "सुखात बसलो असतो," ते म्हणायचे.

पुढे त्यांच्याच विहिरीत खारं पाणी शिरलं. रोज सकाळी चूळ भरून ते तांब्यातला पहिला घोट चाखायचे आणि मगच सुपारीला पाणी सोडायचे. खारट लागलं की पंप बंद. बंद दिवस वाढत गेले, सुपाऱ्या सुकू लागल्या. मी त्यांच्यासाठी बोईसरजवळ सालवडला खोली बघून ठेवली. म्हटलं, "चला, माणसं सरकली म्हणून वाचली, असं तुम्हीच सांगता ना?" ते म्हणाले, "सरकली त्यांचं आपल्याला ठाऊक हाय. बसून राहिली त्यांचं कोण सांगणार?" मला त्यांचा राग आला.

त्यांनी अंथरूण धरल्यावर रविवारी चाखायचं काम माझ्याकडे आलं. शेवटच्या रविवारी घोट तोंडात धरवेना इतका खारट होता. आत जाऊन म्हणालो, "गोड आहे, दादा." "मग सोड सुपारीला." आता आली पंचाईत. झाडं मारायची नव्हती आणि पंपाचा आवाज तर त्यांना ऐकू जायला हवा होता. मी पंप लावला आणि पाइप परत विहिरीतच सोडला. आत आलो तर ते डोळे मिटून पडलेले.

"विहिरीतच सोडलंस ना?"

मी मान खाली घातली.

"चालू दे थोडा वेळ... बरं वाटतं ऐकायला."

तांब्या अजून विहिरीच्या काठावरच असतो. रविवारी जातो, चूळ भरतो, चाखतो. खारटच असतं. तरी थोडा वेळ पंप लावतो. वहिनी ओटीवर येऊन बसतात आणि विहिरीचं पाणी विहिरीत पडत राहतं. याहून दुसरं काही माझ्या हातात नाही.